टॉलेमायोसची स्वप्नं: मेम्फिसच्या देवळातल्या एका दप्तराचं प्रकरण

प्रकरण थोडक्यात असं. इ.स.पू. १७२ मध्ये टॉलेमायोस नावाचा एक मॅसिडोनियन वंशाचा माणूस इजिप्तमधल्या मेम्फिसजवळच्या सरापिस देवाच्या मोठ्या देवळात राहायला गेला आणि पुढची जवळजवळ वीस वर्षं त्या आवाराबाहेर पडला नाही. तिथे बसून त्याने सरकारदरबारी अर्जांमागून अर्ज केले, दोन निराधार जुळ्या मुलींना आसरा दिला, धाकट्या भावाला फौजेत चिकटवलं आणि स्वतःला व त्या मुलींना पडलेली स्वप्नं तारीखवार लिहून ठेवली. शेवटी त्याच भावाने त्याला कळवलं की तू सांगतोस ते सगळं खोटं आहे आणि तुझे देवही खोटे आहेत.

स्वप्नांचे नकाशे काढणाऱ्या प्राचीन, गुप्त पंथांच्या कल्पित कथा आपण वाचतो. त्यांतल्या गुरूंना प्रत्येक स्वप्नाचा अर्थ ठाऊक असतो. इथे मात्र खरी माणसं आहेत, खरे कागद आहेत, आणि अर्थ कुणालाच धड ठाऊक नाही. म्हणून मला हे प्रकरण अशा कुठल्याही कथेपेक्षा मोलाचं वाटतं. प्रश्न एवढाच: इतक्या निष्ठेने ठेवलेल्या नोंदींवरचा घरच्याच माणसाचा विश्वास का उडाला?

आवार आणि तिथली माणसं

मेम्फिसच्या पश्चिमेला, वाळवंटाच्या कडेला सक्काराचं पठार आहे. मेम्फिसमध्ये जिवंत देव म्हणून पुजला जाणारा आपिस बैल मेला की त्याला इथल्या भुयारांत पुरत. ही भुयारं फ्रेंच उत्खननकार ओग्युस्त मारिएत याने १८५१ मध्ये उघडली. टॉलेमायोसच्या काळी भुयारांच्या भोवती अख्खं गावच वसलेलं होतं. सरापिसचं देऊळ, पठाराच्या काठावर अनुबिसचं देऊळ, तिथेच पोलिसांचं ठाणं आणि सरकारी कचेऱ्या. मध्ये लहानमोठी देवळं, भटारखाने, झाडूवाले, यात्रेकरू. सीरियाकडून आलेल्या अस्टार्टे देवीचंही एक छोटं देऊळ आवारात होतं. टॉलेमायोसची खोली त्या देवळात होती.

स्वप्नांचा धंदाही इथे उघडपणे चाले. या आवारातली चुनखडीची एक रंगवलेली पाटी आज कैरोच्या संग्रहालयात आहे. वेदीसमोर उभा आपिस बैल आणि वर ग्रीक मजकूर: देवाच्या आज्ञेने मी स्वप्नांचा अर्थ सांगतो, शुभं भवतु, अर्थ सांगणारा क्रीटचा आहे. आपल्याकडे ज्योतिषाच्या दारावर असते तशी ही पाटी. परमुलखातला माणूस मेम्फिसला येऊन स्वप्नं उलगडून पोट भरतो, म्हणजे गिऱ्हाइकाला तोटा नसणार.

टॉलेमायोस मात्र या धंद्यातला नव्हता. तो ‘कातोखोस’ होता, म्हणजे देवाने धरून ठेवलेला. देव सोडेपर्यंत अशा माणसाने आवाराबाहेर जायचं नाही. हे बंधन नेमकं कसलं, यावर अभ्यासकांत जुना वाद आहे. कुणी म्हणतं अंगात येण्याचा प्रकार, कुणी म्हणतं सावकाराच्या तगाद्यातून घेतलेला आसरा, कुणी म्हणतं नवस. मला स्वतःला नवसाकडे झुकणारा अर्थ पटतो, कारण टॉलेमायोसच्या स्वप्नांत ‘माझी सुटका लवकरच आहे’ असं येतं, आणि ती सुटका देवाकडूनच यायची असते. कर्जदार देवाच्या नव्हे, सावकाराच्या तोंडाकडे बघतो.

असे कातोखोस अनेक होते. त्यांना पंथ म्हणावं इतकं संघटन दिसत नाही. दीक्षा नाही, मठाधिपती नाही. पण सगळे एकाच आवारात अडकलेले, देवाच्या इशाऱ्याकडे डोळे लावून बसलेले. आणि घरी त्यांची वाट बघणारी माणसं होती. इ.स.पू. १६८ च्या उन्हाळ्यात इसिआस नावाच्या बाईने हेफाइस्तिओन या आपल्या नवऱ्याला पाठवलेलं पत्र याच कागदांत सापडलं. ती लिहिते की धान्याच्या महागाईत मी कशीबशी स्वतःला आणि तुझ्या मुलाला तगवलं, आता तू येशील आणि मला जरा उसंत मिळेल असं वाटलं, तर तू येण्याचा विचारही केला नाहीस. तुझ्या आईलाही याचं वाईट वाटतंय. हेफाइस्तिओनने घरी कळवलं होतं की मी देवळात कातोखोस म्हणून राहिलो आहे. देवाची हाक घरातल्या बाईला किती जड जाते, हे या पत्राइतकं स्वच्छ सांगणारा कागद माझ्या तरी वाचनात नाही.

जुळ्या बहिणी

टॉलेमायोसच्या दप्तरातला मोठा भाग थाउएस आणि ताउस या जुळ्या इजिप्शियन बहिणींविषयी आहे. त्यांच्या अर्जांतून कळणारी हकिकत अशी. त्यांची आई नेफोरिस नवऱ्याला सोडून फिलिप्पोस नावाच्या ग्रीक शिपायाबरोबर राहायला लागली. घर नदीकाठी होतं. एक दिवस बाप दारातून बाहेर पडत असताना फिलिप्पोस शस्त्र उपसून त्याच्या अंगावर धावला. बापाने नदीत उडी टाकली, पोहत एका बेटावर पोचला, तिथून एका नावेने त्याला उचलून हेराक्लिओपोलिसला नेलं आणि तिथे तो झुरून मेला. त्याच्या भावांनी प्रेत मेम्फिसच्या दफनभूमीत आणलं, पण नेफोरिसने त्याचा अंत्यविधी केला नाही. मालमत्ता घेतली आणि मुलींना घराबाहेर काढलं.

उपाशी मुली सरापिसच्या आवारात आल्या. टॉलेमायोस त्यांच्या बापाचा दोस्त. त्याने त्यांना आसरा दिला. इ.स.पू. १६४ मध्ये आपिस बैल मेला. त्याच्या सत्तर दिवसांच्या सुतकात इसिस आणि नेफ्थिस या दोन देवी-बहिणींच्या जागी रडायला जुळ्या मुली लागत. थाउएस आणि ताउस नेमल्या गेल्या. पुढे त्यांना देवळात तर्पणाचं काम मिळालं. त्याबद्दल रोजच्या भाकऱ्या, आणि वर्षाला तिळाचं तेल व एरंडेल प्रत्येकी एक मोठं माप, असा सरकारी नेमणुकीचा हक्क होता.

तेल कागदावर राहिलं. शिवाय आईच्या पोटचा पाख्रातेस हा मुलगा बहिणींकडे कामाला म्हणून आला, त्यांच्या नावावर मिळालेलं तेल आणि इतर चीजवस्तू घेऊन आईकडे पळाला. मग सुरू झाली अर्जांची मालिका. राजा सहावा टॉलेमी आणि राणी दुसरी क्लिओपात्रा मेम्फिसला आली तेव्हा थेट त्यांच्याकडे, नंतर तिजोरीच्या वरिष्ठ अधिकाऱ्याकडे, त्याच्या हाताखालच्याकडे, देवळाच्या कारभाऱ्याकडे. मुलींना लिहिता येत नव्हतं; मसुदे टॉलेमायोसचे. एकाच अर्जाचे दोन-तीन खर्डे उरले आहेत आणि प्रत्येकात शब्द थोडे वेगळे. इजिप्तमध्ये जन्म काढलेल्या या माणसाचं ग्रीक कानाने ऐकून लिहिलेलं आहे. शुद्धलेखनाच्या चुकांनी पानं भरली आहेत. तरीही चिकाटी अशी की शेवटी वरून हुकूम सुटला आणि थकलेल्या तेलातला काही भाग मुलींच्या हाती पडला.

त्याच्या स्वतःच्या वाट्यालाही त्रास कमी नव्हता. आवारातले झाडूवाले आणि भटारी दगड-काठ्या घेऊन अस्टार्टेच्या देवळात घुसले, त्याला बाहेर ओढायचा प्रयत्न केला, अशी त्याची तक्रार आहे. आणि हे सगळं मी ग्रीक असल्यामुळे, असं तो लिहितो. ग्रीक राज्यकर्ते आणि इजिप्शियन रयत यांच्यातली धुसफूस देवळाच्या अंगणापर्यंत आली होती. इ.स.पू. १६४ च्या धामधुमीत त्याचा बापही गेला.

स्वप्नांच्या नोंदी

या सगळ्या ओढाताणीत, इ.स.पू. १५९-१५८ च्या आसपास, स्वप्नं लिहिली गेली. पद्धत अर्जासारखीच: महिना, तारीख, कुणाला पडलं, काय दिसलं. सजावट नाही, देवाची स्तुती फारशी नाही. वाचताना अंगावर येतो तो त्यांचा खरेपणा, कारण रचलेली स्वप्नं अशी अर्धवट नसतात.

थाउएसला पाखोन महिन्याच्या १७ तारखेला पडलेलं स्वप्न बघा. ती एका गल्लीतून चालली आहे आणि घरं मोजते आहे. नऊ घरं झाली. तिला मागे फिरायचं आहे. ‘फार तर नऊच झाली,’ ती म्हणते. लोक सांगतात, जायचं तर जा. ती म्हणते, मला उशीर झाला. स्वप्न इथे संपतं. नऊ घरं का, उशीर कशाला, कुणी विचारत नाही आणि लिहिणारा अर्थ जोडत नाही.

आठ दिवसांनी, २५ तारखेला, चंद्राच्या उत्सवात, टॉलेमायोसला दोघी बहिणी दिसतात. थाउएस गोड आवाजात मोकळ्या गळ्याने गाते आहे. ताउस हसते आहे आणि तिचं पाऊल मोठं आहे, स्वच्छ आहे. एवढंच. वर्षानुवर्षं एरंडेलासाठी खेटे घालणाऱ्या मुलींना त्यांच्या पालकाने स्वप्नात हसताना पाहिलं, आणि त्यांच्या पायाची स्वच्छताही त्याला टिपून ठेवावीशी वाटली. अर्जांत त्याची माया कुठेच दिसत नाही. तिथे मुली ‘दीन, गांजलेल्या’ असतात, कारण अर्जाची भाषाच तशी. ती माया या ओळींत दिसते.

पैसाही स्वप्नात येतो. दोन माणसं येऊन म्हणतात, टॉलेमायोस, रक्ताचे पैसे घे. त्याला शंभर तांब्याचे द्राख्मा मोजून देतात, आणि थाउएसला नाण्यांनी भरलेली थैली. तो म्हणतो, हिच्याकडे माझ्यापेक्षा जास्त आहेत की! दिवसभर हिशेब करणाऱ्या माणसाचं हे स्वप्न.

मग मोठी स्वप्नं. एकात तो पश्चिमेकडून पूर्वेकडे चालत येतो आणि भुशावर बसतो. पश्चिमेकडून आणखी कुणीतरी येऊन शेजारी बसतं. डोळे मिटलेले आहेत. उघडतो तर जुळ्या बहिणी तोथेस नावाच्या माणसाच्या शाळेत. त्या हाक मारतात. तो धीर देतो आणि म्हणतो, तोथेस माझ्याकडे यायची वाट शोधून थकला, कारण मी माझा बिछाना फिरवला आहे. दुसऱ्या एका स्वप्नात तो अलेक्झांड्रियात उंच बुरुजावर उभा आहे. आपला चेहरा फार देखणा आहे म्हणून तो कुणाला दाखवत नाही. शेजारी एक म्हातारी, उत्तरेला आणि पूर्वेला गर्दी. म्हातारी म्हणते, जरा थांब, तुला क्नेफिस देवाच्या पाया पडायला नेते. त्यानंतर तो लिहितो: सोबत्यांनो, आनंद करा, माझी सुटका जवळ आली. आणि मग अम्मोन देवाचा धावा: दोघांना सोबत घेऊन उत्तरेकडून ये. देव येतो. तिथे एक गाय वेणा देते आहे. अम्मोन तिला धरून खाली निजवतो, पोटात हात घालतो आणि बैल बाहेर काढतो. ज्याचं सगळं आयुष्य मेलेल्या बैलांच्या देवळात चाललं आहे, त्याने देवाला नवा बैल जन्माला घालताना पाहिलं. खाली तो लिहितो की हे माझ्यासाठी शुभ असो.

दिशांवरचा भर लक्षात घ्या. पश्चिम म्हणजे इजिप्तमध्ये मृतांची बाजू, तिकडून तो पूर्वेकडे येतो; देव उत्तरेकडून येतो. आवाराबाहेर पाऊल टाकता न येणारा माणूस रात्री सगळा देश पालथा घालतो आणि सकाळी कोणत्या दिशेने चाललो ते टिपून ठेवतो. स्वप्नांचा नकाशा कशाला म्हणायचं असेल तर या ओळींना म्हणता येईल.

स्वप्नग्रंथ हाताशी नसताना

इजिप्तमध्ये स्वप्नांचे तयार कोश फार पूर्वीपासून होते. ब्रिटिश म्युझियममध्ये दुसऱ्या रामसेसच्या काळातला, इ.स.पू. तेराव्या शतकातला एक पपायरस आहे. राजांच्या थडग्यांवर काम करणाऱ्या कारागिरांच्या देर अल-मदीना या वस्तीतून तो आला. माणसाने स्वप्नात स्वतःला अमुक करताना पाहिलं, तर चांगलं किंवा वाईट, आणि त्याचं फळ तमुक, अशा त्यात ओळी. खिडकीतून बाहेर बघताना दिसलं तर चांगलं, देव हाक ऐकेल. आरशात तोंड पाहिलं तर वाईट, दुसरी बायको येईल. ‘वाईट’ हा शब्द तांबड्या शाईत.

टॉलेमायोसच्या नोंदी या कोशाच्या अगदी उलट आहेत. कोशात माणूस कुणीही असतो आणि फळ ठरलेलं. इथे माणूस ठरलेला, तारीख ठरलेली, फळाची जागा मोकळी. आणि प्रकरणाची खरी गोम मला इथेच दिसते. व्यापाऱ्याच्या भाषेत सांगायचं तर टॉलेमायोसने स्वप्नांची कीर्द ठेवली, खतावणी कधी केली नाही. तेलाच्या बाबतीत त्याने दोन्ही केलं: किती यायचं होतं, किती आलं, कुणाकडे थकलं, कोणत्या तारखेला हुकूम झाला, सगळं चोख. स्वप्नाच्या बाबतीत मात्र ‘सुटका जवळ आली’ हे लिहिलं आणि पान उलटलं. सुटका आली का, नाही आली तर त्या स्वप्नाचं काय, ही नोंद कुठेही नाही. एका बाजूला त्याच्यासारखा काटेकोर कारकून नाही, आणि दुसऱ्या बाजूला तोच माणूस आशेला हिशेबात धरत नाही. हे मला त्याचं अज्ञान वाटत नाही. तेल देणारे अधिकारी चुकार होते म्हणून त्यांचा हिशेब ठेवावा लागे. देवाचा हिशेब ठेवणं म्हणजे देवावर संशय घेणं.

तुलनेसाठी: हॉर

याच पठारावर, थोडं उत्तरेला, त्याच काळात सेबेन्निटोसचा हॉर नावाचा इजिप्शियन लेखक राहत होता. थोथ देवाच्या पवित्र आयबिस पक्ष्यांच्या देवस्थानात त्याचं काम. १९६० च्या दशकात ब्रिटिश उत्खननकारांना त्याचं दप्तर सापडलं: मडक्यांच्या खापरांवर, बहुतेक डेमोटिक या इजिप्शियन लिपीत लिहिलेलं. तोही स्वप्नं टिपायचा. पण त्याच्या एका स्वप्नाची गोष्ट निराळी झाली.

इ.स.पू. १६८ मध्ये सीरियाचा राजा चौथा अँटिओकस इजिप्तमध्ये घुसला होता. हॉरला दृष्टांत झाला की अलेक्झांड्रिया सुरक्षित राहील आणि अँटिओकस पाओनी महिना संपायच्या आत गलबतांतून निघून जाईल. त्याने हे एका लष्करी अधिकाऱ्याला आधीच सांगितलं. जुलैमध्ये अलेक्झांड्रियाजवळ रोमचा दूत गायस पोपिलियस लायनास याने अँटिओकसभोवती काठीने वर्तुळ काढलं आणि उत्तर दिल्याशिवाय यातून बाहेर पडायचं नाही असं बजावलं. अँटिओकस माघारी गेला, पाओनी संपायच्या आत. हॉरला पुढे अलेक्झांड्रियाच्या सरापिस मंदिरात राजासमोर हे सांगायची संधी मिळाली.

इथे सावध राहायला हवं. हॉरची खापरं म्हणजे घटनेनंतर काही वर्षांनी केलेल्या अर्जांचे खर्डे आहेत. घडून गेल्यावर भाकीत आठवणं सोपं असतं. तरी त्याच्या मांडणीत मुदत आहे, साक्षीदार अधिकारी आहे आणि निकाल आहे. हॉरने स्वप्नाची खतावणी केली, आणि तीच त्याच्या उपयोगी पडली: आयबिस पक्ष्यांच्या देवस्थानातल्या गैरकारभारावर बोट ठेवताना, एका भांड्यात एकाच पक्ष्याची ममी असावी असा आग्रह धरताना, त्याच्या शब्दाला वजन आलं. टॉलेमायोसच्या स्वप्नांना मुदत नव्हती, साक्षीदार घरचेच, आणि विषय राज्याचा नव्हे, एका माणसाच्या सुटकेचा.

भावाचं पत्र

टॉलेमायोसचा सगळ्यात धाकटा भाऊ अपोल्लोनिओस लहानपणापासून देवळात येऊन-जाऊन होता. दप्तरातल्या बऱ्याच कागदांवर त्याचं अक्षर आहे. साहित्याची आवड असलेला पोरगा. शेवटचा इजिप्शियन राजा नेक्टानेबो याच्या स्वप्नाची गोष्ट त्याने उतरवून घ्यायला घेतली. राजाला स्वप्नात पपायरसच्या नावेतून इसिस देवी येताना दिसते आणि युद्धदेव तिच्यापुढे गाऱ्हाणं मांडतो की सेबेन्निटोसमधलं माझं देऊळ अर्धवट पडलं आहे. ते पुरं करायला नेमलेला पेतेसिस हा अक्षरं कोरणारा कारागीर तिथे जातो, त्याला एक सुंदर मुलगी दिसते, आणि उतारा तिथेच तुटतो. खाली एक गमतीदार चेहरा काढलेला आहे.

इ.स.पू. १५८ मध्ये टॉलेमायोसने राजाकडे अर्ज केला की मला पंधरा वर्षं झाली, मूलबाळ नाही, माझ्या भावाला मेम्फिसच्या तुकडीत घ्या म्हणजे मला आधार होईल. अर्ज मंजूर झाला आणि मग कागद कोणत्या कचेरीतून कोणत्या कचेरीत गेला याची सविस्तर टिपणी अपोल्लोनिओसने ठेवली. ज्यांनी सरकारी नोकरीच्या हुकमासाठी टेबलामागून टेबलं पालथी घातली आहेत त्यांनी ती टिपणी जरूर वाचावी.

पुढे अपोल्लोनिओस मेनेदेमोस नावाच्या एका फरारी माणसाच्या भानगडीत सापडला. इ.स.पू. १५२ च्या एका पत्रात तो भावाला लिहितो की झोपेत मला तो पळपुटा मेनेदेमोस आपल्या विरोधात उभा दिसतो, सांभाळून राहा. म्हणजे तोवर त्याचाही स्वप्नांवर भरवसा होता. दोन्ही भाऊ एकाच भाषेत बोलत होते.

त्याच सुमाराचं दुसरं पत्र. सुरुवात ‘वडील टॉलेमायोस यांस’, कारण थोरला भाऊ बापाच्या ठिकाणी. आणि लगेच: सरापिसची शपथ, थोडी लाज वाटते म्हणून, नाहीतर तू माझं तोंड पुन्हा पाहिलं नसतंस. तू सांगतोस ते सगळं खोटं, आणि तुझे देवही तसेच. त्यांनी आपल्याला अशा चिखलात लोटलं आहे की त्यात मरण यायचं. आणि तुला जेव्हा स्वप्न पडतं की आपण वाचणार, नेमकं तेव्हा आपण बुडतो. तो पळपुटा आपल्याला इथे टिकू देणार नाही, आपल्यामुळे त्याचं पंधरा टॅलेंटांचं, म्हणजे मोठ्या रकमेचं, नुकसान झालं आहे. मोठा साहेब उद्या देवळात येतो आहे आणि दोन दिवस अनुबिसच्या देवळात पीत बसणार आहे. ट्रिकोमिया गावात मला आता मान वर करून फिरता यायचं नाही. आपण फसलो, देवांनी भुलवलं, स्वप्नांवर विसंबलो.

पत्राच्या बाहेर पत्त्याच्या जागी लिहिलं आहे: खरं बोलणाऱ्यांना. टोमणा आहे की रागातही उरलेला आदर, यावर लिहिणारे लिहीत राहतात. मला टोमणाच वाटतो, पण जिव्हाळ्याच्या माणसाला मारलेला. ज्याच्याशी संबंधच तोडायचा त्याला कुणी साहेबाच्या येण्याची आणि पळपुट्याच्या बेताची खबर देत नाही. पत्रात शिव्या आहेत आणि सावधगिरीची सूचनाही आहे. आणि टॉलेमायोसने ते जपलं. ते त्याच्याच कागदांत सापडलं.

‘तुला स्वप्न पडतं की आपण वाचणार, नेमकं तेव्हा आपण बुडतो’ हे वाक्य नीट वाचलं तर कळतं की खतावणी झाली होती. ती अपोल्लोनिओसने केली, मनात, वर्षानुवर्षं. थोरला भाऊ जमा लिहीत गेला आणि धाकटा वसुली तपासत गेला. फरारी माणसाची धास्ती बसली त्या दिवशी त्याने एकूण रक्कम सांगून टाकली.

चरकाच्या कसोटीवर

हा मुलूख आपला नाही आणि टॉलेमायोसला आपल्या शास्त्रांची खबर असण्याचं कारण नाही. पण त्याच्या नोंदी तपासायला चरकसंहितेतली एक कसोटी मला फार उपयोगी वाटते. इंद्रियस्थानात स्वप्नांचे सात प्रकार दिले आहेत: दृष्ट, श्रुत, अनुभूत, प्रार्थित, कल्पित, भाविक (पुढे घडणारं दाखवणारं) आणि दोषज (शरीरातल्या दोषांतून आलेलं). यांतले पहिले पाच वैद्याने निष्फळ समजावेत. पाहिलेलं, ऐकलेलं, अनुभवलेलं, मनात धरलेलं आणि कल्पनेने उभं केलेलं, हे झोपेत परत येतं म्हणून त्यावर भाकीत बांधायचं नाही. दिवसा पडलेलं, फार लहान आणि फार लांबलचक स्वप्नही वगळायचं. रात्रीच्या पहिल्या भागातलं अल्प फळाचं. आणि जे पाहिल्यावर पुन्हा झोप लागत नाही ते लवकर मोठं फळ देणारं. पहाटेचं स्वप्न खरं होतं असं आपल्या घरांत आजही म्हणतात, ते या वचनाच्या जवळचंच.

या चाळणीतून टॉलेमायोसची पानं काढली तर काय उरतं? तांब्याचे द्राख्मा अनुभूत. तोथेसच्या शाळेतल्या मुली दृष्ट. क्नेफिस, अम्मोन श्रुत. सुटका प्रार्थित, संपूर्ण प्रार्थित. भाविक म्हणावं असं मला एकही सापडत नाही, कदाचित थाउएसची नऊ घरं सोडून, आणि तीही फक्त मला समजत नाहीत म्हणून. चरकाच्या वैद्याने ही वही पाहून एवढंच सांगितलं असतं की या माणसाच्या मनात काय आहे ते कळलं, पुढे काय होईल ते नाही.

पण मनात काय आहे हे कळणं ही लहान गोष्ट नाही. इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकातल्या साध्या, अर्धशिक्षित माणसांच्या मनातलं इतक्या जवळून सांगणारे कागद जगात फार थोडे आहेत. राजांची स्वप्नं शिलालेखांत मिळतात आणि ती सगळी सोयीची असतात. इथे एक मुलगी घरं मोजते आणि तिला उशीर होतो.

कागद आज कुठे आहेत

१८२० च्या आसपास सक्कारात हे पपायरस सापडले आणि विकणाऱ्यांनी ते युरोपभर पांगवले. जर्मन अभ्यासक उलरिश विल्केन याने ते एकत्र करून १९२७ पर्यंत प्रसिद्ध केले. आज या दप्तराचा कोणताही भाग बघायचा तर त्याच्या क्रमांकांनीच शोधावा लागतो. स्वप्नांच्या नोंदींचा एक भाग नेदरलँड्समधल्या लायडनला आहे, दुसरा पॅरिसच्या लूव्र संग्रहालयात. नेक्टानेबोच्या स्वप्नाचा उतारा लायडनला, अपोल्लोनिओसचं रागाचं पत्र पॅरिसला, इसिआसचं पत्र लंडनला. ज्यांना हे प्रकरण मुळातून अभ्यासायचं आहे त्यांनी स्वप्नांची पानं सुटी वाचू नयेत. त्याच वर्षांचे तेलाचे अर्ज आणि हिशेब शेजारी ठेवावेत. थाउएसच्या थैलीतली नाणी आणि तिचं थकलेलं एरंडेल एकाच वेळी समोर असली तरच त्या स्वप्नाला काही अर्थ लागतो.